निघण्याआधी घटकाभर बसणे

नेपल्स, मंगळवार, जेवणानंतर

तीर्थरूप ग्लाफिराताईच्या चरणी धाकट्या प्लातोनचा दंडवत. (गुडघ्यामुळे वाकवत नाही, तेव्हा उभ्या उभ्याच घातला असं समज.) तुझा दमा कसा आहे? घरी रियाझानला बर्फ वितळून चिखल झाला असेल, तेव्हा अंगणात उगीच फिरू नकोस. इकडे सर्व क्षेम.

तुझं पत्र पोचलं. "तीस वर्षं देशोदेशी बादशहांची वकिली केलीस, आता बादशहांनीच मोकळं केलंय तर मुकाट्यानं घरी ये. शेजारच्या विधवा राजकन्येशी तुझं ठरवून टाकलंय. उन्हाळा सरायच्या आत आला नाहीस तर मला बहीण म्हणू नकोस." ताई, असलं खलित्यातसुद्धा कुणी लिहीत नाही गं! पण माझा निश्चय झाला आहे. मी येणार म्हणजे येणार. एकदा ठरवलं की मी कुणाच्या बापाचं ऐकत नाही, हे तुला पाळण्यापासून ठाऊक आहे.

मग अजून आलो का नाही, हे तेवढं ऐकून घे. बोट दर मंगळवारी सुटते. पहिल्या मंगळवारी चांदीची भांडी, पुस्तकं, अस्वलाचं कातडं, सगळं चार गाड्यांत भरलं आणि आपल्या रीतीप्रमाणे अख्ख्या घराला दिवाणखान्यात बोलावलं. मी कोचावर, आपला म्हातारा नोकर येरेमेई ट्रंकेवर, गाडीवान जमिनीवर. सगळ्यांना बजावलं की आमच्याकडे प्रवासाला निघण्याआधी घरातल्या सगळ्यांनी घटकाभर बसायचं, चकार शब्द काढायचा नाही, मग घरच्या कर्त्या माणसानं उठायचं आणि निघायचं. मध्ये कुणी बोललं तर त्या दिवशी प्रवास बंद. (आजोबांनी हे मानलं नाही आणि गाडी नदीत गेली, ते तू मला रोज झोपताना सांगायचीस. त्या गाडीची धास्ती अजून गेलेली नाही.) बसलो. आणि आमची स्वयंपाकीण नुन्झियाता म्हणाली, "सरकार, लोकरीची बंडी वर ठेवलीय ना?"

झालं! बोट गेली.

ही नुन्झियाता म्हणजे कोळ्याची विधवा. माझ्या मुदपाकखान्यात बारा वर्षं आहे आणि त्या बारा वर्षांत तिचं तोंड मिटलेलं मी पाहिलं नाही. दुसऱ्या मंगळवारी मी तिला आधीच बोलावून खडसावलं. तर कमरेवर हात ठेवून मलाच म्हणते, "गप्प बसायला मी काय मेलेय? आमच्याकडे घरचं माणूस लांब निघालं की बायका रडतात, ओरडतात, चार शिव्याही देतात. गप्प बसतात ते मयताला!" शेवटी येरेमेईनं युक्ती काढली आणि बसण्याआधी तिच्या तोंडात साखरेचा मोठा खडा दिला. आम्ही बसलो. तिनं तो खडा कडाकडा चावून गिळला आणि विचारलं, "तिकडे यांना भोपळ्याच्या फुलांची भजी कोण करून घालणार? ती बहीण?"

(रागावू नकोस. तिनं तुला पाहिलेलं नाही.) मी असा काही भडकलो की विचारू नकोस. अगं, एकमेकांच्या जिवावर उठलेल्या दोन साम्राज्यांना मी एका मेजाशी बसवून सह्या करायला लावल्या, आणि या बाईला घटकाभर गप्प बसवता येईना! स्वतःचीच लाज वाटली. निश्चय मात्र तसूभर हलला नाही.

आज तिसरा मंगळवार. नुन्झियाता काळी शाल पांघरून आली, दाराजवळच्या खुर्चीवर बसली आणि बोलली नाही. साखर नाही, धाक नाही, तरी एक शब्द नाही. घटका भरली. सगळे मी उठायची वाट बघू लागले. मी उठेचना, आधी गुडघ्याला दोष दिला. मग वाटलं, जरा थांबू, ती काहीतरी बोलेलच. बंडीचं बोलेल, निदान तुला नावं ठेवील. ती मांडीवरच्या हातांकडे बघत बसली होती. येरेमेई खोकला. बंदरावर भोंगा झाला. ताई, मी घाबरलो गं. मयताला गप्प बसतात म्हणाली होती ना, मला वाटलं मीच गेलोय आणि ही माणसं माझ्याभोवती बसलीत. शेवटी मीच ओरडलो, "अगं बाई, बोल ना काहीतरी!"

"बोट गेली का?" तिनं विचारलं.

"गेली."

"मग जेवायला काय करू?"

तर असं झालं. पण तू काळजी करू नकोस. माझा निश्चय जसाच्या तसा आहे.

तुझा आज्ञाधारक धाकटा भाऊ,
प्लातोन

ता. क. राजकन्येला वाट बघू नका म्हणून कळव. नीट सांग, त्यांना वाईट वाटायला नको.

ता. क. दुसरा. निश्चय जसाच्या तसा आहे असं वर लिहिलं, पण तो कशाचा, हे लिहायचं राहिलं. जेवण झाल्यावर मी नुन्झियाताला लग्नाचं विचारलं. तिनं आधी मला ताप आहे का ते पाहिलं. मग म्हणाली, "आमच्यात असं ताट उचलता उचलता ठरवत नाहीत. मुलाकडचं वडील माणूस मुलीच्या घरी येऊन मागणी घालतं. तुमचं कोण आहे?" मी म्हटलं, एक ताई आहे. "मग येऊ दे तिला," म्हणाली आणि भांडी घासायला गेली.

ता. क. तिसरा. म्हणून ताई, तू ये. हट्ट म्हण, आज्ञा म्हण, पाया पडतो म्हण, पण ये. बंदरामागच्या गल्लीत तिसऱ्या मजल्यावर तिची आई राहते. जिना अरुंद आहे, मी मागून आधार देईन. म्हातारी ठार बहिरी आहे, त्यामुळे आमच्या प्लातोनसाठी तुमची मुलगी द्या, हे तुला चांगलं ओरडून सांगावं लागेल. सगळ्या गल्लीला ऐकू जाईल. जाऊ दे. मला ते ऐकायचं आहे.