अंगणातल्या कबरी

निमोणे, मंगळवार संध्याकाळ

उद्या वर्गात दाखवायचा पॅसिफिकमधल्या प्रवाळबेटाचा फोटो आधी सासूबाईंना दाखवला. समुद्र चढतोय, म्हणून माणसं बेट सोडून चाललीत, असं सांगितलं. त्यांचं बोट मात्र फोटोतल्या घराला लागून असलेल्या कबरींवरच. "आन् ह्यांना कोण नेणार गं?"

पुस्तकात ते नाहीच. मलाही कुठं सुचलं होतं?

सासऱ्यांची रक्षा आम्ही परसात पुरून वर आंबा लावलाय. रविवारी शिरूरला फ्लॅट बघायला जायचंय, हे आज सासूबाईंना सांगणार होते. पण त्या कबरी डोळ्यांपुढून हलेनात. इथं कुठला समुद्र चढतोय? मग आम्ही का निघालोय?

आंब्याला पाणी घालायला उठताना त्यांनी विचारलं, "तुमच्या फ्लॅटला अंगण हाय का?"

मी तर अजून काही बोललेच नव्हते.