आत्याला न विचारता ठेवलेलं नाव

१५ नोव्हेंबर, शनिवार

जाँव्हिये. हे माझ्या भाच्याचं नाव आहे. मला आज कळलं.

केदारने हॉस्पिटलच्या फूडकोर्टात कोपीचा, म्हणजे इथल्या सिंगापुरी कॉफीचा, घोट घेता घेता सांगितलं, बसचा नंबर सांगावा तसं. "ताई, नाव टाकलं ऑनलाइन. बर्थ सर्टिफिकेटला लागतं ना." टाकलं म्हणे! कुठलं, तर जाँव्हिये. फ्रेंचमध्ये जानेवारी. सख्खा भाऊ आहे, माझं गप्प बसणं ओळखतो. घाबरून आणखी एक काया टोस्ट, नारळाच्या जॅमचा, घेऊन आला.

बाळ मागच्याच आठवड्यात झालं. यायचं होतं जानेवारीच्या शेवटी, आलं नोव्हेंबरात. काचेच्या पेटीत आहे, अंगभर नळ्या. मी अजून पाहिलेलंही नाही. आत सोडतात फक्त आईबाप आणि आजीआजोबांना. आत्या नावाचं नातं त्यांच्या नियमात नाही.

आणि केदारच्याही नाही, असं दिसतंय.

१६ नोव्हेंबर

झोप लागली नाही धड. डोकं अजून तापलेलंच.

नाव आत्या ठेवते. पाळण्यावर वाकून, बाकीच्या बायकांचे पाठीत धपाटे खात, बाळाच्या कानात कुर्र करून ते नाव पहिल्यांदा तीच उच्चारते. मला ना नवरा ना पोर, आणि मला त्याचं काडीचं दुःख नाही, पण हा एक मान माझा होता. एकच. केदारच्या लग्नात कार्यालयाच्या खुर्चीवर बसल्या बसल्या मी नाव ठरवून ठेवलं होतं. सुहृद. इतकी वर्षं कुणाला सांगितलं नाही, दृष्ट लागेल म्हणून. आता सांगून उपयोग?

केदारचा मेसेज: "बारशाला कुर्र तूच करायचं हं ताई." म्हणजे नाव ठेवून तुम्ही मोकळे, मी फक्त धपाटे खायला. वा रे वा.

१९ नोव्हेंबर

कामावर जाताना, जुरोंग आयलंडच्या प्लांटकडे जाणारी कंपनीची बस. गेटवर पासची रांग सरकेना, म्हणून फोनवर हे जाँव्हिये प्रकरण काय आहे ते वाचत बसले. शत्रूची माहिती असलेली बरी.

तर. मूळ लॅटिन, जानुआरियुस. तो आला जानुसवरून. जानुस म्हणजे रोमन लोकांचा दारांचा देव, येण्याजाण्याचा, सुरुवातीचा. म्हणून वर्षाचा पहिला महिना त्याचा. बरं, दाराचाच देव हवा होता तर द्वारकानाथ ठेवायचं होतं, पणजोबांचं तरी झालं असतं!

पुढे वाचलं तर त्या देवाला दोन तोंडं. एक पुढे बघतं, एक मागे. म्हणजे आपल्या मराठीत दुतोंडी. ठेवा, ठेवा पोराला हे नाव.

मग त्या नावाचा एक संत. इटलीतला बिशप, ख्रिश्चन म्हणून मान उडवली त्याची. नेपल्सला त्याचं वाळलेलं रक्त कुपीत ठेवलंय, सणाच्या दिवशी ते पातळ होतं म्हणतात. फ्रान्समध्ये त्याचाच झाला जाँव्हिये. आडनाव म्हणूनही चालतं, मुलाचं नाव म्हणूनही. जुनं आहे, हल्ली तिथेसुद्धा फारसं कुणी ठेवत नाही. तिथले लोक सोडून देतायत आणि आम्ही इथे सिंगापुरात, सेम्बावांगमध्ये, उचलतोय.

महिन्याचं नाव ठेवायला माझी ना नाही. कार्तिक आहे, श्रावण आहे, अश्विन आहे. पण जानेवारी म्हणजे आपला पौष! ज्या महिन्यात आपण साधा साखरपुडा करत नाही, तो महिना उचलून पोराच्या कपाळी मारायचा? आणि शाळेत पोरं काय हाक मारतील ते मी इथे लिहीतसुद्धा नाही.

२३ नोव्हेंबर, रविवार

आईचा पुण्याहून व्हिडिओ कॉल. गुडघ्याचं ऑपरेशन झालंय म्हणून तिला येता येत नाही, त्यामुळे ती दिवसातून तीनदा कॉल करते. मला वाटलं ती माझी बाजू घेईल. घेतली, पण भलतीकडून.

"नाव कसलं ठेवता इतक्यात? आधी पोर घरी येऊ दे. घरी आलं की पाळणा, पाळण्यात घातलं की नाव. मेधा, तू मोठी आहेस, सांग त्या दोघांना."

बरोबर बोलली. मलाही तेच वाटतं. घरी येऊ दे, मग काय ती भांडणं करू. सांगते म्हटलं.

३० नोव्हेंबर, रविवार

सांगून आले. सांगायला नको होतं असं मी म्हणणार नाही. पण.

अळिवाचे लाडू करून सेम्बावांगला केदारच्या घरी गेले. बाळंतिणीला कोण करणार दुसरं? त्याची बायको गार्गी हॉलमध्ये दुधाचा पंप लावून बसलेली, डोळे सुजलेले, केस दोन दिवस न विंचरलेले. केदार हॉस्पिटलात. मी लाडू दिला, तिने अर्धा खाल्ला, मग मी विषय काढला. शांतपणे काढला. माझ्या मानाने शांतपणे.

म्हटलं, गार्गी, पोर घरी आल्यावर ठेवू या ना नाव. आईचंही तेच म्हणणं आहे. घाई कशाला?

ती म्हणाली, "आणि नाही आला तर, ताई?"

मी म्हटलं, असं बोलू नये.

"बोलायचं नाही, पण ठेवायचं पण नाही. मग बिननावाचाच जाऊ देऊ का त्याला?"

पंप चालूच होता. ती रडत होती तरी तिने तो बंद केला नाही.

मग बरंच काही बोलली. पेटीवर आधी चिठ्ठी होती, "बेबी ऑफ गार्गी". तशाच शेजारच्या पेट्यांवर, त्या त्या आयांच्या नावाने. तिला ते बघवेना. आणि हे नाव काही काल शोधलेलं नाही. ती फ्रान्समध्ये लिऑनला पीएचडीला होती तेव्हाची तिची मैत्रीण, तिला बाळाची तारीख कळवली तर ती फोनवर हसून म्हणाली, मग, कसे आहेत मस्यू जाँव्हिये, म्हणजे श्रीयुत जानेवारी? तेव्हापासून पोटातल्याला हीच हाक. आंघोळीला, बसमध्ये, लॅबमध्ये. "तो दुसऱ्या कुठल्या नावाला ओळखत नाही, ताई."

म्हणजे मला न विचारता ठेवलं ते सहा महिन्यांपूर्वीच!

रडणाऱ्या बाईशी भांडता येत नाही, हा शुद्ध अन्याय आहे. मी तिचे केस विंचरून दिले आणि बुकित बातोकला माझ्या घरी परत आले. मेट्रोच्या रेड लाइनमध्ये सगळी उत्तरं सुचली.

९ डिसेंबर

लिम अंकलने विचारलं, बेबी कसं आहे. आमच्या प्लांटमधले सगळ्यात जुने टेक्निशियन. नाव सांगावं लागलं. "फ्रेंच आह? वा, सो अटास!" म्हणजे फार उच्चभ्रू. मी तोंड वाकडं केलं ते त्यांनी पाहिलं असणार, म्हणाले, "नेम इज नेम लाह. पोर खातंय ना?"

खातंय. नळीतून का होईना, वाढतंय. चर्चमध्ये त्याच्यासाठी प्रार्थना सांगू का, असंही लिम अंकलने विचारलं. संध्याकाळी केदार म्हणाला, त्याच्या ऑफिसातली मलय मैत्रीणही बाळासाठी दुवा मागतेय. सगळं सिंगापूर त्या पोराचं नाव घेतंय. मी अजून "बाळ" म्हणते. मुद्दाम.

१४ डिसेंबर, रविवार

श्वासाची नळी काढली! गार्गीने छातीशी धरलं त्याला, उघड्या छातीशी, तास दीड तास. केदारने फोटो पाठवला. मी तो मोठा करकरून पाहिला. कान केदारचे. नाक कुणाचं कळत नाही, पट्टी आहे.

पेटीवर रंगीत कागदाची अक्षरं कापून नाव लावलंय. नर्सने केलं, फिलिपिनो आहे म्हणे, मारिसेल. ड्यूटीवर आली की पहिली हाक त्याला मारते. छान. उत्तम. म्हणजे सख्ख्या आत्याच्या आधी मारिसेल.

तिला काहीतरी न्यायला हवं. आईबाप नसताना निदान तिने तरी हाक मारली त्याला.

२१ डिसेंबर, रविवार

आजपासून पौष. आईने कॅलेंडर कॅमेऱ्यासमोर धरलं. आता पौषात काही नाही, बारसं माघात. केदारच्या काँडोतली, म्हणजे सोसायटीतली, फंक्शन रूम बघायची म्हणे. डॉक्टरही म्हणतात जानेवारीअखेर घरी सोडू, म्हणजे जमतंय.

मी माझी अट सांगितली. कागदावर काय लिहायचं ते लिहा, पाळण्यात मी सुहृद म्हणणार. पहिल्यांदाच उच्चारलं कुणासमोर. आई खूश. केदार लगेच, "बोल ना ताई, चालेल की." याला सगळं चालतं.

गार्गी स्क्रीनच्या कडेला होती. म्हणाली, "नाव फार छान आहे, ताई. पण कानात एकच सांगा. त्याचंच."

माझी तळपायाची आग मस्तकात. म्हटलं, मग मारिसेललाच बोलवा कुर्र करायला, मी येत नाही. फोन ठेवला.

येणार नाही म्हणजे नाही. चाळीस माणसांसमोर दुसऱ्याचं वाक्य पाठ म्हणायला मी काय शाळेतली पोरगी आहे?

२४ डिसेंबर

केदार: "पोटात इन्फेक्शन. परत व्हेंटिलेटर." एवढंच.

मी फोन केला, उचलला नाही. आईला मी सांगितलं. तिने देव पाण्यात ठेवले.

२५ डिसेंबर

सुट्टी. हॉस्पिटलात खाली बसून राहिले. वर सोडत नाहीत. काउंटरवरच्या मुलीशी भांडले, म्हटलं आजी पुण्यात पडून आहे, तिच्या जागी मला सोडा, हिशेब तोच. ती बिचारी सॉरी आँटी, सॉरी आँटी. नियम तिने थोडाच केलाय. पण कुणावर तरी ओरडायचं होतं.

केदार खाली आला. दाढी वाढलेली. म्हणाला ऑपरेशन करायचं की थांबायचं, डॉक्टर उद्या बघणार. मी त्याला डब्यातला भात भरवला. बेचाळीस वर्षांच्या माणसाला, फूडकोर्टात. सगळा खाल्ला.

गार्गी आली नाही खाली. मी येत नाही म्हणाले होते, ते तिने लक्षात ठेवलं असेल. ठेवू दे. मीही काही विसरलेले नाही.

२६ डिसेंबर, शुक्रवार

कामावर गेले. घरी बसले असते तर वेड लागलं असतं.

प्लांटच्या आत फोन चालत नाही, वायू असतो, ठिणगी नको. बाहेर लॉकरमध्ये ठेवायचा. दुपारी बाहेर आले तर सहा मिस्ड कॉल. केदारचे नव्हते. गार्गीचे.

लावला. हेल्मेट डोक्यावरच.

ती म्हणाली, "ताई, ऑपरेशनला नेतायत. मी फोन पेटीच्या खिडकीपाशी धरते, मारिसेलने परवानगी काढलीय. कुर्र करा."

माझ्या तोंडून काय निघावं? "अगं पौष आहे."

"ताई."

एवढंच म्हणाली. भांडली नाही, रडली नाही. मग माझ्या लक्षात आलं की फोन तिने पेटीपाशी नेला, कारण आवाज बदलला. मशीनची टिक टिक. आता फोनवर गार्गी नव्हती, केदार नव्हता, आई नव्हती. मी आणि ते पोर. सुहृद म्हटलं असतं तर कुणी अडवणार नव्हतं.

लॉकर रूममध्ये शिफ्ट बदलत होती. सगळे बूट काढतायत. लिम अंकलने दोन पोरांना हाताने गप्प केलं.

मी कुर्र केलं. भर लॉकर रूममध्ये. पाठीत धपाटा घालायला कुणी नव्हतं.

आणि म्हटलं, जाँव्हिये. उच्चार चुकला असेल. परत म्हटलं. मोठ्याने. जाँव्हिये, मी तुझी आत्या.

मग मला जो राग आला! इतक्या आठवड्यांचा सगळा एकदम. म्हटलं, ऐक रे बाबा, मला हे नाव अजिबात आवडलेलं नाही. मला कुणी विचारलं नाही. तुझ्या आईला माफ केलेलं नाही, बापाला तर नाहीच. हे भांडण मला तुझ्याशी करायचंय, समोरासमोर, तू उलट बोलायला शिकल्यावर. आत्ता मी बोलतेय आणि तू गप्प, याला भांडण म्हणत नाहीत. तेव्हा निमूटपणे घरी यायचं.

पेटीची चाकं वाजली. गार्गीने फोन ठेवला नाही, मीही नाही.

हे कंपनीच्या बसमध्ये लिहितेय, फोन डाव्या कानाला तसाच. पलीकडे कॉरिडॉरचा आवाज येतोय, आणि गार्गीचा श्वास.