मरव्याच्या वाफ्याबद्दलची दुरुस्ती

मी, खाली सही करणारी, या घरातली धाकटी मुलगी, वय अठ्ठावीस, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाखाली नसताना, येत्या पंधरा तारखेच्या शस्त्रक्रियेआधी हे मृत्युपत्र लिहिते. आधी एक दुरुस्ती. मागच्या मृत्युपत्रात मी लिहिले होते की आईचा मरव्याचा वाफा माझ्या हातून, जास्त पाण्याने मेला. ते चूक आहे. तो थोरल्या बहिणीने मारला. मागचे मृत्युपत्र मी रद्द करते.

कारण लिहिणे भाग आहे, नाहीतर पुढची कलमे आकसाने लिहिल्यासारखी वाटतील. (थोडा आकस आहे. तोही नोंदवते.) आईने मला अक्षरे शिकवली ती बरण्यांवर चिठ्ठ्या लिहायला लावून, "मरवा" हा माझा पहिला शब्द. मरव्याच्या मुळांना ओल सोसत नाही, हे मला तेव्हापासून ठाऊक. तरी त्या दिवशी ऊन फार होते म्हणून मी एक झारी जास्त घातली. दुसऱ्या सकाळी सगळी रोपे काळी पडली. ताई म्हणाली, "झालं समाधान? बुडवलास ना आईचा मरवा!" आई अंथरुणाला खिळलेली होती. तिने माझा हात धरला. "जाऊ दे गं, झाडच ते." आठ दिवसांनी ती गेली. मी न केलेल्या गुन्ह्याची क्षमा करून गेली.

या एप्रिलमध्ये ताईच्या गच्चीत मला बारा कुंड्या दिसल्या. पान चुरगळले. वास आईच्या पदराचा.

"रोपवाटिकेतून आणलाय," ताई म्हणाली.

घरी येऊन बाबांना विचारले. ते चष्मा पुसत राहिले. "तिनं आधी फांद्या नेल्या. मग पातेलंभर उकळतं पाणी ओतलं. मी खिडकीतून पाहिलं."

"मग बोलला का नाहीत?"

"दोघींत भांडण नको म्हणून."

ताई आता पाववाल्याला विकायला मरव्याचे मीठ देते. बरणीवर लिहिलेले असते, "दुसरीकडे मिळणार नाही." बरोबरच आहे. दुसरीकडचा तिने उकळला.

कलम एक. घरातला माझा हिस्सा बाबांना. खिडकीजवळची खुर्चीही त्यांनाच. तिथून सगळे दिसते.

कलम दोन. कात्री, सुतळी आणि कागदी पिशव्या शेजारच्या शिंपीणबाईंना. मरव्याच्या कळ्या गाठीसारख्या घट्ट असतानाच, दव वाळल्यावर कापाव्यात. फुले उमलली की वास उतरतो. जुडी पिशवीत उलटी टांगावी. पाने बटाट्यांत किंवा सुपात, भांडे उतरवताना घालावीत, आधी नाही. देठ कपड्यांच्या कपाटात ठेवावेत. आईच्या साड्या कसरीने कधी खाल्ल्या नाहीत.

कलम तीन. कान तुटलेले मोठे पातेले ताईला.

कलम चार. आईचा नियम होता: न विचारता फांदी तोडायची नाही, आणि कोणी मागितली तर नाही म्हणायचे नाही. ताईला फक्त मागायचे होते. बारा काय, शंभर फांद्या मिळाल्या असत्या. मीही चोरून आणणार नाही. तिच्या दारात जाईन आणि फांदी मागेन. दिली, तर कलम तीन रद्द समजावे. ती फांदी रिकाम्या वाफ्यात लावावी आणि पुढे मागेल त्याला द्यावी, ताईलासुद्धा. नाही दिली, तर पातेले तिच्या दारात ठेवून यावे, झाकणासकट.

साक्षीदार: शिंपीणबाई; कोपऱ्यावरचे औषधवाले. दोघांनी एकमेकांसमोर आणि माझ्यासमोर सह्या केल्या.
सही: धाकटी
ठिकाण: आईचे स्वयंपाकघर. मंगळवार, दोन जून.

सह्या झाल्यावरची भर, दोघांच्या संमतीने: शिंपीणबाई म्हणाल्या, "अगं, ताईकडे जाणार कधी ते लिही. तुझं काय, उद्या-उद्या करत थेट दवाखान्यात पोचशील." औषधवाल्यांनी भिंतीवरचे कॅलेंडर काढून समोर ठेवले. कळ्या अजून दहा दिवस तरी उमलायच्या नाहीत. म्हणून लिहिते: गुरुवार, अकरा जून, सकाळी नऊ, दव वाळल्यावर.