शनी आमच्या अंगणात होता

प्रिय साईनाथ,

'प्रिय' लिहिताना हात अडखळला, पण खोडलं नाही. रविवारी तुझी आई आमच्याकडे मागणी घालायला यायची आहे. त्याआधी हे पत्र तुझ्या हातात पडायला हवं. फोनवर तू मला बोलूच देत नाहीस, सारखं 'अगं, ऐक तरी' चालू असतं तुझं. आता तू ऐक.

भिसेगावच्या त्या भिंतीवर आपण पंधरा फुटांचा सूर्य रंगवला, तेव्हा लोक म्हणाले होते, या दोघा शिक्षकांना उन्हाळ्याच्या सुट्टीत दुसरा उद्योग नाही. त्या मापाने अर्ध्या किलोमीटरवर लिंबाएवढी पृथ्वी, पळसदरीच्या अलीकडे गुरू, नेपच्यून थेट खोपोलीत. आणि प्लूटो वाटाण्याएवढा, पार खालापूरच्या वाटेवर! तो आता ग्रहांत मोजत नाहीत, बटुग्रह म्हणतात, मग एवढ्या उन्हात तिथवर कशाला तंगडतोड, अशी मी कुरकुर केली तर केवढा चिडलास. नाव बदललं म्हणून त्याची जागा बदलत नाही, म्हणालास. त्या दिवशी तू मला फार आवडलास. हे तुला कधी सांगितलं नव्हतं.

शनीचं माप नेमकं आपल्याच गावात पडलं, पावणेपाच किलोमीटरवर. रस्त्याच्या एका बाजूला गजाची चहाची टपरी, दुसऱ्या बाजूला आमच्या बौद्धवाडीतलं ठकूआत्याचं अंगण. गजाने लांबूनच हात जोडले. सरपंच म्हणाले, गुरू द्या, शुक्र द्या, अगदी मंगळही चालवून घेऊ, पण ही साडेसाती गावात नको. तेव्हा माझी आत्या कंबरेवर हात ठेवून पुढे आली. "आना रं हिकडं. आमाला कसली साडेसाती? आमी देव सोडलं तवा काय झालं नाय, तर ह्यो गोळा काय करतोय!" आठवतंय ना? तू पोट धरून हसलास, आणि मग तिच्या ओट्यावर बसून तांदळाची भाकरी आणि सुकटीची चटणी हाणलीस. त्या दिवसापासून आत्या रोज सकाळी अंगण झाडताना त्या गोळ्यावरून फडकं फिरवायची. गोळ्याभोवतीच्या कड्याला लोंबकळणाऱ्या पोरांना शिव्या घालायची.

पुढे फार्महाऊसवाले गाड्या थांबवून त्या कड्याबरोबर फोटो काढायला लागले. आत्या काकड्या आणि जांभळं घेऊन बसायला लागली. वाडीत पहिल्यांदाच कुणी मुद्दाम थांबत होतं रे. आणि मग काय, गावाला शनी एकदम गोड लागायला लागला.

मी अलिबागला प्रशिक्षणाला गेले आणि तू टेंपो घेऊन वाडीत आलास. रंगवायला नेतो, म्हणालास. कडं घासू नये म्हणून आत्याने तिचं धुवट लुगडं काढून दिलं, ते गुंडाळून नेलास. संध्याकाळी गावच्या ग्रुपवर फोटो आला. नाक्यावर देवळाशेजारी नवा चौथरा, त्यावर आपला शनी, तेलाने माखलेला, गळ्यात रुईच्या पानांची माळ. आणि नारळ फोडणारा कोण, तर विज्ञानाचे साईनाथ सर! आपली पाटी काढून 'शनी महाराज' लावलंत. बरं, नेलास तो अर्धा किलोमीटर पुढे. आपल्या मापात सूर्यापासून पृथ्वी जेवढी लांब, तेवढा सरकवलास, आणि तुला काहीच वाटलं नाही?

अंतर चुकलं म्हणून मला राग आलाय, असं मी आधी स्वतःला समजावत होते. कसलं अंतर नि कसलं काय! तू विश्वासघात केलास. गावाने केला असता तर मी चार शब्द सुनावून मोकळी झाले असते. गावाकडून माझी अपेक्षाच काय होती? पण आत्या तुला 'आपला साई' म्हणते. दुसऱ्या कुणाला तिने हातही लावू दिला नसता, हे ओळखून गावाने तुलाच पाठवलं, आणि तू गेलास.

वर फोनवर म्हणालास, गावाशी वाकडं घेऊन आपलं जमणार नाही, सरपंचांनी शब्द टाकला म्हणून तर आई तयार झाली, हे सगळं मी आपल्यासाठीच केलं. म्हणजे माझ्या माणसांच्या अंगणातून उचललंस, गावाला दिलंस आणि त्या बदल्यात मला मागायची परवानगी मिळवलीस. वा रे वा! आणि मी खूश व्हायचं?

आईंना रविवारी पाठवू नकोस. त्यांच्यावर माझा राग नाही, तसं त्यांना सांग. या रविवारची मी किती वाट बघितली, ते तुला ठाऊक आहे. कोणती साडी नेसायची, तेही ठरवून ठेवलं होतं. पण उद्या तुझ्या घरात आल्यावर गाव म्हणेल, हिला भीमजयंतीच्या मिरवणुकीत नाचू देऊ नका, हिच्या आत्याला पंगतीला बोलावू नका. तेव्हा तू भांडणार नाहीस. गोड बोलून मला बाजूला करशील, आणि घरी येऊन सांगशील, हे आपल्यासाठीच केलं. मला तुझ्याशी लग्न करायचं नाही, साईनाथ.

'तुझीच' लिहायची फार सवय झाली होती. आता नुसतीच,
दर्शना