अजून सव्वीस कालवडी

हर्नडन, व्हर्जिनिया
१२ मार्च २०२४

ती. बाबांस,
शि. सा. न. वि. वि.

आठ दिवसांसाठी म्हणून वायोमिंगला गेलात, त्याला आज तीन आठवडे झाले. तुमचा विद्यार्थी परीक्षित तिथे गुरांचा डॉक्टर आहे, त्याचं काम बघून येतो म्हणालात आणि रँचवर स्वतःच कामाला लागलात. त्या खोऱ्यात मोबाईल चालत नाही. मालकीण डॉट बाईंच्या घरच्या फोनवर तुम्ही 'बरं आहे, ठेवतो' याच्या पुढे जात नाही. म्हणून हे पत्र.

परीक्षितनं पाठवलेला फोटो मिळाला. खाली माकडटोपी आणि तिच्यावर काउबॉय हॅट! केदार म्हणतो, फ्रेम करून हॉलमध्ये लावू. शरयूआत्यानं आयसेलिनच्या भजनी मंडळात सांगून टाकलंय, की दादा आता गोशाळा चालवतो. तीनशे गाई म्हटल्यावर बायकांनी तिथूनच हात जोडले म्हणे. त्या गाई कशासाठी पाळतात हे मी तिला सांगितलेलं नाही. तुमचं तुम्ही बघा.

आता मुद्द्याचं. डॉक्टरांनी वीस एप्रिल तारीख दिली आहे, हे तुम्ही जायच्या आधीच सांगितलं होतं. आई सांगायची, की माझ्या जन्माच्या वेळी तुम्ही परगावी कुणाच्या तरी गाईपाशी होतात आणि मला दुसऱ्या दिवशी पाहिलंत. तेव्हा एका गाईनं अडवलं, आता तीनशे आहेत, म्हणून आधीच बजावते. दहा तारखेपर्यंत या. तुमचं ग्रीन कार्ड मी नातवंडासाठी काढलंय, वासरांसाठी नाही.

लोभ आहेच. तो थोडा पूर्वेकडे वळवावा, ही विनंती.

तुमची,
शिवांगी


बफलोजवळ, वायोमिंग
२१ मार्च २०२४

चि. सौ. शिवांगीस,
अ. उ. आ.

तुझं पत्र काल मिळालं. इथे गावाचं नाव बफलो, पण म्हशीचं दूध औषधालाही नाही. काळी कॉफी आणि बटाटे यांवर तुझा बाप जगतो आहे. डॉट बाई माझ्यासाठी राजम्याचं वेगळं पातेलं चढवतात आणि तिखट झालं का म्हणून काळजीनं विचारतात. मी हो म्हणतो.

गाई विण्याचा हंगाम आहे. रोज सात-आठ वासरं जन्माला येतात. पहिल्या वेताच्या कालवडी घराजवळच्या कुंपणात ठेवल्या आहेत, त्यांच्यावर माझी नजर. बाई पंचाहत्तरीच्या, पण सकाळी घोड्यावर बसून सगळं माळरान पालथं घालतात, आणि पळत्या वासरावर टाकलेला त्यांचा फास चुकत नाही. मलाही घोडा देऊ केला होता. मी म्हटलं, आधी गुडघ्यांना विचारतो. आता मला गवताच्या ट्रकवर बसवतात.

एक घोटाळा केला. परीक्षितकडून कळण्याआधी मीच सांगतो. एक गाय अडली होती, वासराचा पुढचा पाय मागे दुमडलेला. अर्धा तास लागला, पण दोन्ही जीव वाचले. मग आपल्याकडच्या सवयीनं मी तिला गूळ चारला, शरयूनं बांधून दिलेला. बाजरी कुठली मिळायला, म्हणून ओट्स शिजवले. इथल्या गाई माणसाला जवळ फिरकू देत नाहीत, उन्हाळाभर डोंगरात आपल्या हिमतीवर राहायचं असतं त्यांना. ही मात्र आता माझ्या मागे मागे हिंडते आणि माळावर हाकललं तरी परत येऊन दारात उभी राहते. बाई म्हणाल्या, डॉक्टर, तुम्ही माझी चांगली गाय बिघडवलीत. मला गूळबंदी झाली आहे.

शरदात ट्रक येतात आणि मोठी झालेली वासरं जातात. कुठे जातात ते मला माहीत आहे. मी जन्मापुरता इथे उभा राहतो, पुढचं बघत नाही. हा पळपुटेपणा आहे, कबूल. शरयूची गोशाळा तशीच राहू दे.

अजून सव्वीस कालवडी व्यायच्या आहेत. मे महिन्यात वासरांना डाग द्यायचा दिवस असतो. शेजारपाजारचे सगळे आपापले घोडे घेऊन मदतीला येतात, आपल्याकडच्या सावडीसारखं. तोवर थांबा, असं बाई म्हणतात. बघू. तू पालेभाज्या खा आणि पाय वर घेऊन बसत जा.

तुझी माया आहेच, राग तेवढा आवरता घ्यावा.

बाबा


हर्नडन
३० मार्च २०२४

ती. बाबांस,
शि. सा. न. वि. वि.

पत्र दोनदा वाचलं. त्यात कालवडी आहेत, ओट्स आहेत, डॉट बाईंचा फास आहे. वीस एप्रिल कुठेच नाही. आणि तुमचं 'बघू' म्हणजे काय, हे मी आईकडून शिकलेली आहे.

आत्या डिंकाच्या लाडवांचे दोन डबे घेऊन येते आहे. केदार बाळ गुंडाळायचा सराव उशीवर करतो आणि उशी दर वेळी सुटून खाली पडते. म्हणजे घर भरलेलं असेल. तरी मला भीती वाटते, बाबा. इतके दिवस चेष्टेवारी नेलं, पण वाटते. आई नाही म्हणून तिच्या जागी तुम्ही या, असं मी म्हणत नाही. तुम्ही म्हणूनच मला हवे आहात. यायचं नसेल तर 'नाही' लिहा, 'बघू' लिहू नका.

सव्वीस जणींना माझा नमस्कार सांगा. त्यांच्यावर राग नाही, हेवा आहे.

लोभ कमी करू नये, इतकंच मागते.

शिवांगी


बफलोजवळ
६ एप्रिल २०२४

चि. शिवांगीस,
अ. उ. आ.

तू जन्मलीस त्या दिवशी मी गाईपाशी होतो हे खरं. पण ती गाय दुपारी बारालाच मोकळी झाली होती. मी त्या गावच्या एस.टी. स्टँडवर संध्याकाळपर्यंत चहा पीत बसलो. तीन गाड्या समोरून गेल्या. तुझ्या आईला हे ठाऊक होतं. ती तुला गाईचंच सांगत राहिली, ते माझी अब्रू राखायला.

तुझ्या आधी आम्हाला एक मुलगा झाला होता. जन्मला तेव्हाच गेलेला होता. तेव्हा मी दाराशी उभा होतो. शेकडो वासरं या हातांनी सुखरूप काढली, आणि तिथे मला काही करता आलं नाही. तेव्हापासून डोक्यात बसलं, की मी जवळ असलो की बिघडतं. शिकल्यासवरल्या माणसाला शोभत नाही, पण बसलं ते बसलं. तू वीस तारीख सांगितलीस, त्याच संध्याकाळी मी परीक्षितला फोन केला. त्याचं काम बघायला मी आलोच नव्हतो.

काल तुझं पत्र डॉट बाईंना माझ्या इंग्रजीत वाचून दाखवलं. त्यांनी हॅट काढून टेबलावर ठेवली. म्हणाल्या, या सव्वीस माझ्या आहेत, मी बघते. तुमची एकच आहे. परीक्षितला गाडी काढायला त्यांनीच सांगितलं.

तेराला पोचतो. दवाखान्यात दाराबाहेर बसेन. त्याच्या आत ये म्हणू नकोस, एवढं म्हाताऱ्याचं ऐक.

आहे तशी माया ठेव.

बाबा


हॉस्पिटल, बाहेरचा हॉल
१७ एप्रिल, सकाळ
केदारच्या हाती

चि. शिवांगीस,
अ. आ.

बाहेरच खुर्चीत आहे. शरयू शेजारी बसून स्तोत्रं म्हणते आणि मधेच माझ्या हातावर लाडू ठेवते. मी तीनशे गाईंचा डॉक्टर आहे असं तिनं नर्सला सांगितलंय. नर्स आता मला फारच मान देते. चार वेळा जिन्यापर्यंत गेलो आणि चारही वेळा परत आलो. भीती वाटते, पण मी इथेच आहे.

बाबा


(त्याच कागदाच्या मागे)

ती. बाबांस,
सा. न.

रडली. चांगली मोठ्यानं रडली. तेच आधी लिहिते, कारण तुम्ही तेवढंच शोधाल. मुलगी आहे, अकरा वाजून दहा मिनिटांनी झाली. आम्ही दोघी ठीक आहोत. तुम्ही दाराशी होतात, आणि काहीही बिघडलं नाही.

आता आत या.

शिवांगी