ठकूबाई रडली नव्हती

प्रिय बिर्गितताई,

तुम्ही गेल्याचं तुमच्या लेकीनं कळवलं. पत्रासोबत तुमच्या पटकथेची प्रत आहे आणि एक विनंती: "याचं मराठी तुम्हीच करा, आईची तशी इच्छा होती." चार दिवस झाले, मी एका पानावर अडून बसले आहे. का, ते तिच्याआधी तुम्हाला सांगायला हवं.

दुष्काळाच्या साली तुम्ही डेन्मार्कहून आलात आणि उस्मानपुऱ्यात आमच्या वरच्या खोलीत राहिलात. तुम्ही कोळ्याची मुलगी, रेडिओसाठी गोष्टी लिहिता लिहिता कादंबरीकार झालेली, मग सिनेमाकडं वळलेली. पहिल्या दोन सिनेमांच्या श्रेयनामावलीतून तुमचं नावच गाळलं होतं, हे तुम्ही हसत सांगितलंत. राग मला आला. माझी आई तुम्हाला बिरजाबाई म्हणायची आणि तुम्ही खुशाल ओ द्यायचात. मी शाळेत इंग्रजी शिकवायचे, म्हणून तुमची दुभाषी झाले. केवढी मिरवले मी तेव्हा!

हर्सूलच्या पुढं, सिल्लोडच्या रस्त्याला ठकूबाई मेंढरं राखायची. तुमच्या पटकथेसाठी तिच्याकडं आपण एसटीनं जायचो. तिनं त्याच साली लेकीचं लग्न उरकलं होतं, पोर अजून परकरात होती. "त्या दिवशी काय वाटलं?" तुम्ही विचारलंत. ठकूबाई लोकर कातत होती. मान वर न करता म्हणाली, "काय वाटायचं? एक खाणारं तोंड कमी झालं. लई बरं वाटलं."

बिर्गितताई, मी तुम्हाला सांगितलं, "त्या म्हणतात, मी दिवसभर रडले."

का केलं मी तसं? लाज वाटली. परक्या देशातली बाई आमच्याकडच्या आयांबद्दल काय समजेल, ही धास्ती. तुम्ही तिच्या चेहऱ्याकडं बघितलंत, मग माझ्याकडं, आणि वहीत लिहून घेतलंत. मला पुन्हा का नाही विचारलंत? एकदा दटावलं असतं, तर मी खरं बोलले असते.

तो रडण्याचा प्रसंग सिनेमात आला; मी अडले आहे ते पान त्याचंच. तुम्ही पत्रात लिहिलंत, "सगळ्यांना तोच आवडतो, मला एकटीला तो खोटा वाटतो, माझं लिहिणं कुठं चुकलं कळत नाही." त्यावर मी काय लिहिलं? इकडचं हवापाणी! पुढं तुम्ही कितीतरी सिनेमे लिहिलेत, नाव झालं, पण ती चूक स्वतःचीच समजत राहिलात. हे आता मला सोसवत नाही.

काल ठकूबाईकडं गेले. थकली आहे, पण कान शाबूत आहेत. तुम्ही गेल्याचं तिला सांगितलं. मग मी माझं सगळं कबूल केलं.

"रडले म्हणून सांगितलं व्हय तुम्ही?" ती म्हणाली. "मी कवा रडले? लेकीच्या सासरच्या हिरीला पाणी व्हतं, बाई. दोन टायमाला भाकर व्हती. लेक जगली. धाकटं माझ्यापाशी ऱ्हायलं, ते नाय जगलं. मंग बरं नाय वाटायचं व्हय?"

मला तिथं बसवेना.

तिचं उत्तर तेव्हाच तुमच्या कानावर पडलं असतं, तर तुम्ही लगेच 'का?' विचारलं असतंत. कुणी काही सांगितलं की तुमचा तो प्रश्न ठरलेला असायचा. मग हेही तेव्हाच कळलं असतं आणि तुमचा सिनेमा वेगळा झाला असता. मी तुम्हाला तो प्रश्न विचारूच दिला नाही. आई म्हणून ठकूबाईची जी माया होती, तीच मी झाकली.

तुमच्या लेकीला आजच सगळं लिहिते आहे. मराठीत ठकूबाई बोलली तशीच बोलेल, मी मध्ये तोंड घालणार नाही. त्या पानाखाली माझ्या नावानं टीप देईन: चूक दुभाषीची होती, लेखिकेला तो प्रसंग खोटा वाटतच होता.

तुमची,
सुमन