गहू भिजत घातले आहेत

१ एप्रिल
सोळाला संभाजीनगरात पीएचडीचा शेवटचा सेमिनार. हुकला की रजिस्ट्रेशन रद्द. मुदतवाढ घेऊन झाली. विषय: एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत मुलींसाठी लिहिलेल्या घरगुती कादंबऱ्या. सगळीकडे एकच रड. पहिल्या प्रकरणात पोरगी तापट, पुस्तकवेडी. शेवटी कुणाचे तरी मोजे रफू करत हसते. ती खरंच हसते की तसं दाखवते, एवढंच प्रकरण बाकी. आठ दिवसांत उडवते.

७ एप्रिल
प्रकरणाचं शीर्षक लिहिलं. तेवढ्यात भोकरदनहून नणंद आली, पोरांसकट. स्वयंपाक मीच केला, पण निषेध म्हणून तोंडातून शब्द काढला नाही. कुणाच्या लक्षात आलं नाही.

१० एप्रिल, दुपारी
भागवतला (नवरा आहे, पण इथे नावानेच लिहिणार) ठणकावलं, सोळाला मी जाणार म्हणजे जाणार. तो म्हणाला, जा की, मी कधी न्हाई म्हणलो? फक्त आईला इचार.

१२ एप्रिल
मास्टरस्ट्रोक! सासूबाईंचं कुरडयांचं टुमणं चालूच होतं. ऊन वाया चाललंय म्हणे, अन् तू लिहूनच राह्यली. मी आपणहून गहू भिजत घातले. आता रोज नुसतं पाणी बदलायचं. तीन दिवस कुणी माझं नाव घेणार नाही. त्या नायिकांना एवढी साधी अक्कल नव्हती.

१५ एप्रिल
गहू वाटून, पिळून चीक काढला. सासूबाई म्हणाल्या, आता रातभर बसू दे, पहाटे शिजवू. पहाटे म्हणजे सोळाच्या! हे माझ्या आधी कसं लक्षात आलं नाही? चीक थांबत नाही, आंबतो. हरकत नाही. चारला उठून उरकते, साडेसहाची बस गाठते. साडीला इस्त्री केली.

१६ एप्रिल, सकाळी ६.४०
चीक अजून कच्चा. बसचा हॉर्न ऐकला. दहाची मिळेल.

१६ एप्रिल, संध्याकाळी
गच्चीभर कुरडया. पांढऱ्याशुभ्र, एकही तुटली नाही. गाइड मॅडमचे फोन येत होते. हात चिकाने भरलेले. दुपारी मोरीत जाऊन रडले. मग सासूबाईंनी शेजारच्या पुष्पाबाईंना मुद्दाम गच्चीवर आणलं, म्हणाल्या, आता कुठं माही सून वळणावर आली बघा.

मी हसले. खोटं कशाला लिहू, फार बरं वाटलं.

म्हणजे ती मोजे रफू करणारी खरंच हसते. आता ते कुणाला सांगायचं?

साबुदाणा भिजत घातला आहे.